पिशवीची सनई घेऊन आकुर्डी, चाकण, हिंजवडी

दहिवडीहून पुण्याची एस.टी. सुटली तेव्हा माझ्या मांडीवर लाकडी पेटी होती आणि आपण नेमके कशासाठी निघालोय हे मला माहीत नव्हतं. फोनवर नामदेव एवढंच म्हणाला होता, "जगू, पाईप घेऊन ये. शनिवारच्या आत ये."

मी विचारलं, "कुणाचं लग्न आहे?"

"लग्न नाही रे. बँड आहे."

आता बँड म्हटल्यावर माणसानं लग्नच समजायचं ना? पण त्यानं फोन ठेवला. त्याचा आवाज बारीक लागला, तो मी रेंजवर ढकलला.

नामदेव आणि मी फौजेत एकाच पलटणीच्या बँडमध्ये होतो. दोघंही बॅगपाईप वाजवायचो. ज्यांनी हे वाद्य जवळून पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. काखेत हवेची चामडी पिशवी, तोंडात फुंकायची नळी, खांद्यावर तीन लांब नळ्या, ज्या एकच सूर धरून बसतात (त्यांना ड्रोन म्हणतात), आणि पुढं छिद्रांची, बोटं फिरवायची नळी (तिला चँटर म्हणतात). आमच्या गावातली पोरं त्याला 'पिशवीची सनई' म्हणतात. निवृत्त झाल्यावर मी बाजरी आणि डाळिंबात रमलो. झेंडावंदनाला शाळेत पाईप वाजवायचा, एरवी तो पेटीत. नामदेव मूळचा लातूरकडचा, पण फौजेतून सुटल्यावर आकुर्डीत एका कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीत लागला आणि तिकडचाच झाला. कधीतरी फोन व्हायचे. भेट मात्र कित्येक वर्षांत नव्हती.

स्वारगेटला उतरून निगडीची शहर बस धरली. खिडकीशी बसलेल्या माणसाला म्हटलं, "आकुर्डी आली की सांगा." डोक्यावरून मेट्रोचा पूल पळत होता, खाली दोन्ही बाजूंना दुकानं, कंपन्यांच्या भिंती, पुन्हा दुकानं. पिंपरी आली म्हणाले. मग चिंचवड आलं म्हणाले. मला दोन्हींत काही फरक दिसेना.

"पिंपरी कुठं संपली?" मी विचारलं.

"संपत नाही काका," तो म्हणाला. "फक्त पाट्या बदलतात."

त्याच्या भरवशावर राहिलो नाही. एका दुकानाच्या पाटीवर आकुर्डी वाचून घाईनं उतरलो, तर तो दुकानाच्या मुख्य शाखेचा पत्ता होता. मग पेटी खांद्यावर टाकून चालत निघालो. पत्ता सोपा होता, 'कंपनीच्या मागं, विहाराजवळ'. पण ज्याला विचारावं तो उलट मलाच विचारी, "कुठली कंपनी?" मी म्हणे, "दुचाकीची." मग तो म्हणे, "कुठलं गेट?" शेवटी एका पानटपरीवाल्यानं माझ्या पेटीकडं पाहिलं, त्याचा चेहरा उजळला.

"धुराडंवाल्या काकांकडं का?"

मी वर पाहिलं. आभाळात एकही धुराडं दिसेना.

"तसलं नाही हो," तो हसला. "बँडचं नाव आहे, 'धुराडं'. चला, पोचवतो."

असा मी नामदेवच्या दारात पोचलो. दार त्याच्या बायकोनं, शकुंतलावहिनींनी उघडलं. आत खाटेवर जो माणूस बसला होता त्याला मी क्षणभर नामदेवचा थोरला भाऊ समजलो. गाल बसलेले, सदरा खांद्यावर लोंबत असलेला. मग तो म्हणाला, "सावधान," आणि मी ओळखलं.

"काय झालं तुला?"

"फुफ्फुसात गाठ होती." तो मधे थांबला, श्वास घेतला. "काढली. बरोबर थोडं फुफ्फुसही नेलं त्यांनी."

"मला कळवलं नाहीस?"

"कळवलं असतं तर तू पेरू घेऊन भेटायला आला असतास," तो म्हणाला. "मला तू पाईप घेऊन यायला हवा होतास."

वहिनींनी पाणी दिलं, मग भाकरी आणि सुकटाची चटणी वाढली. भिंतीवर बुद्धाची तसबीर होती आणि तिच्या शेजारी एक मोठा फोटो. हिरव्यागार डोंगराच्या पायथ्याशी, भुरभुर पावसात नामदेव काळा गॉगल लावून पाईप वाजवतोय, आणि भोवती चार तरुण मंडळी तोंडं वासून ओरडताहेत. हे भांडण आहे की गाणं, मला कळेना.

"हा बँड," नामदेव म्हणाला. "केल्टिक पंक म्हणतात याला."

"म्हणजे?"

"ते वैशाली नीट सांगेल. मला एवढंच ठाऊक आहे की, यात पाईप लागतो."

मग थांबत थांबत त्यानं सुरुवातीची हकीकत सांगितली. गेटवरच्या नोकरीत असताना तो दर जयंतीच्या मिरवणुकीत पाईप वाजवायचा. त्याचा मुलगा अश्विन तेव्हा शाळेत. त्याला भारी लाज वाटायची. मित्र चिडवायचे, तुझा बाप काखेत बकरी घेऊन फिरतो म्हणून. मिरवणूक आली की अश्विन दुसऱ्या गल्लीनं घरी जाई. पुढं डिप्लोमाला असताना तो गिटार शिकला, आणि एक दिवस कॉलेजातून धावतच घरी आला. कानातली वायर नामदेवच्या कानात घालून म्हणाला, "ऐका." लांबच्या कुठल्या तरी देशातला बँड होता. धडाधड ड्रम, गिटार, आरडाओरडा, आणि त्याच्या डोक्यावर पाईप.

"पोरगा म्हणाला, पप्पा, पेटी काढा." नामदेव म्हणाला. वहिनी म्हणाल्या, "त्या दिवशी हे जेवलेच नाहीत. नुसते वाजवत बसले."

पुढच्या जयंतीला बापलेक एकाच ट्रॉलीवर उभे राहिले. लोकांना डीजे हवा होता. आधी ओरडले, मग गोंधळले, मग नाचायला लागले. तिथून 'धुराडं'.

एवढ्यात अश्विन पहिली शिफ्ट करून आला. चाकणला मोटारींचे पत्र्याचे भाग काढणाऱ्या एका प्रेसशॉपमध्ये तो क्वालिटीत आहे. दाढी राखलेला, अंगानं बापासारखा उंच. मला पाहून पाया पडला, पण नजर पेटीवर गेली आणि चेहरा बंद झाला.

"पप्पांनी बोलावलं तुम्हाला?"

"हो. तुला माहीत नव्हतं?"

"नाही काका." तो बापाकडं वळला. "पप्पा, आपलं ठरलं होतं ना?"

"तुमचं ठरलं होतं," नामदेव म्हणाला.

मी भाकरीचा तुकडा हातात धरून बसलो. खाऊ की ठेवू, तेही सुचेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी मला चाकणला न्यायला प्रदीप गाडी घेऊन आला. हा बँडचा ड्रमवाला. चाकणच्या जुन्या शेतकरी घरातला. जमिनीचा तुकडा कंपन्यांत गेला, उरलेल्यावर त्यानं फॅब्रिकेशनची शेड टाकलीय. सराव तिथंच, कारण तिथल्या गोंगाटाची कुणी तक्रार करत नाही. नामदेव पुढं बसला, मी मागं पेटी आणि वेल्डिंगच्या सळयांमध्ये. तळवडे ओलांडलं आणि रस्ता भरून गेला. नव्या कोऱ्या मोटारी पाठीवर घेतलेले लांब ट्रेलर, कामगारांच्या बसेस, मधूनच एखादा गवताचा भारा घेतलेला स्कूटरवाला.

"प्रदीप, हा बँड आहे तरी कसला?" मी विचारलं.

"काका, सांगू का," तो आरशातून म्हणाला, "माणूस रागावला का सुरात बोलतो व्हय? न्हाई. पंक म्हंजी तसं. आन् केल्टिक म्हंजी तिकडं आयर्लंड, स्कॉटलंडची नाचाची गाणी. दोनी एकात घातलं की आमी."

आधी कुणी दाद देईना, असं तो सांगत होता. कॉलेजांच्या स्पर्धेत परीक्षक विचारायचे, हे लोकसंगीतात धरायचं की पाश्चात्यात? मग दोन्हींतून बाद. गोव्याला एका महोत्सवात दुपारच्या उन्हात वाजवलं तेव्हा समोर माणसं कमी आणि कुत्री जास्त. पण त्यातल्या एका माणसानं चित्रफीत काढली, ती कुठं कुठं फिरली, आणि आयर्लंडमधल्या एका लहान गावच्या जत्रेचं बोलावणं आलं.

"तिथं पोचलो तर लोकांना वाटलं, आमी जेवणाच्या तंबूतली माणसं. मला कांदे कुठं ठिवायचे इचारलं!" प्रदीप म्हणाला. "मग नामदेवकाकांनी पिशवी फुगवली."

नामदेव खिडकीबाहेर बघत हसत होता. "तिथं एक म्हातारा भेटला," तो म्हणाला. "विचारत होता, हे वाद्य तुझ्याकडं कसं आलं? मी म्हटलं, गोऱ्या साहेबाच्या पलटणीतून. तो म्हणाला, साहेब आमच्याकडंही होता." त्यानं श्वास घेतला. "मग त्यानं बाकावर जागा करून दिली. शेजारी शेजारी बसलो."

परत आल्यावर त्यांनी गाणी रेकॉर्ड केली, सगळी मराठीत, कंपनीची, शिफ्टची, भाड्याच्या खोल्यांची. नाव होऊ लागलं. तेवढ्यात बेस गिटारवाला नोकरी धरून कॅनडाला गेला. मग नामदेवची गाठ निघाली. वर्षभर बँड बंद. आणि आता शनिवारी हिंजवडीत पहिला कार्यक्रम होता.

शेडमध्ये पत्र्याचा वास आणि ऊन. अश्विन रजा टाकून आधीच आला होता. तिथंच वैशालीची ओळख झाली. ती कुडाळची, हिंजवडीत आय.टी.त नोकरीला, मारुंजीत भाड्यानं राहते, आणि व्हायोलिन वाजवते. तिच्या पुढ्यात लॅपटॉप होता. तिनं मला सगळा तिढा समजावून सांगितला. नामदेवच्या जुन्या रेकॉर्डिंगमधून तिनं फक्त पाईपचा आवाज वेगळा काढला होता. शनिवारी तोच लॅपटॉपवरून लावायचा आणि बाकीच्यांनी वर वाजवायचं, असं तिघांचं ठरलं होतं.

"काकांचाच आवाज आहे," ती म्हणाली. "दुसऱ्या कुणाला घ्यायचं आमच्या मनातसुद्धा आलं नाही."

मला तिचं पटलं. तेवढ्यात नामदेव म्हणाला, "माझाच आवाज, आणि मी खाली खुर्चीत बसून ऐकायचा? ते मी मेल्यावर करा." तेही मला पटलं.

मी पाईप जुळवला. अश्विननं नाइलाजानं गिटार उचलली. पहिलं गाणं सुरू झालं आणि वैशालीनं कानावर हात ठेवले. माझ्या पाईपचा सूर त्यांच्या सुराशी अर्धवट भांडत होता. गिटार, व्हायोलिन, सगळं त्यांनी वर्षानुवर्षं नामदेवच्या चँटरला जुळवलेलं. नामदेव उठला, स्वतःच्या पेटीतून चँटर काढला, माझा उपसून तिथं तो बसवला. सूर जुळला. पण लयीचं काय करायचं? मला पावलांवर वाजवायची सवय. इथं गाणं आधीच पुढं पळालेलं असे आणि मी मागून हाका मारत जाई.

"दादराच हाय काका," प्रदीप ओरडला. "नुस्ता पळतोय!"

दुपारपर्यंत दोन गाणी कशीबशी बसली. तिसरं होतं 'भोंगा', त्यांचं सगळ्यात गाजलेलं. अश्विन गातो, "भोंगा झाला, डबा उचल, कालचा घाम आज वाळव," आणि त्या प्रत्येक ओळीमागं पाईप असा भिरभिरत जातो की माझी बोटं एकमेकांत अडकत. नामदेव समोर बसून हवेत बोटं चालवत होता. एकही चुकत नव्हती.

मधे चहाला बाहेर आलो. गाडीवर पोहे होते. अश्विन माझ्या शेजारी येऊन उभा राहिला.

"काका, तुमच्याबद्दल मनात काही नाही. पण तुम्ही वाजवलंत की पप्पा बसणार नाहीत. ते उठतील, तुमच्या हातातून घेतील आणि फुंकतील. डॉक्टरांनी सांगितलंय, जोर लावायचा नाही. म्हणून तो लॅपटॉप. मशिनच्या हातातून कुणी काही ओढून घेत नाही ना."

हे मला आधी कुणी सांगितलंच नव्हतं. आता काय करावं? परत जावं तर मित्र दुखावतो. राहावं तर मित्राच्या जिवाशी खेळ. मी म्हटलं, "त्याला समोरासमोर विचारू."

आत जाऊन विचारलं. नामदेव पोराकडं बघत म्हणाला, "मी फुंकणार नाही. खुर्चीत बसेन. शब्द देतो." अश्विननं लॅपटॉप मिटवला. त्याला विश्वास वाटला की तो थकला, मला सांगता येणार नाही.

शनिवारी दुपारीच निघालो. रावेत, पुनावळे करत मारुंजी. कालपरवापर्यंत शेतं असावीत असं दिसत होतं. एका बाजूला ज्वारीची ताटं उभी, दुसऱ्या बाजूला तितकेच दाट उभे मजले. वैशालीच्या खोलीत तिनं मला उकड्या तांदळाची पेज दिली, वर लोणचं. "फुंकायचंय तुम्हाला, जड खाऊ नका." फौजेत असं कुणी सांगितलं नव्हतं, पण तिच्या पेजेनं पोट खरंच हलकं राहिलं.

मारुंजीपासून हिंजवडी हाकेच्या अंतरावर. तरी त्या अंतरात आमची गाडी इतकी रखडली की वहिनींनी शेंगा सोलून सगळ्यांना वाटल्या. पुढं कंपन्यांच्या कॅब, मागं कॅब. एका मोटारसायकलवाल्यानं काचेतून माझी पेटी पाहिली. "काय राव, बंदूक हाय का?" मी म्हटलं, "सनई." त्याला उत्तर पटलं नाही. मलाही ते तितकंसं बरोबर वाटेना.

कार्यक्रम एका मोकळ्या जागेत होता. सभोवती खाण्याचे गाडे, मधे लाकडी बाकडी, एका टोकाला मंच. शनिवारची संध्याकाळ म्हणून गर्दी. गळ्यात कंपनीची ओळखपत्रं तशीच असलेली मुलं-मुली, पिंपरीहून मुद्दाम आलेले अश्विनचे कामावरचे सोबती, मुलांना खांद्यावर घेतलेले बाप. पुढच्या रांगेत प्लास्टिकच्या खुर्च्यांवर नामदेव आणि वहिनी.

पहिली दोन गाणी निभावली. कशी वाजली ते मला ठाऊक नाही. मंचावर माझाच पाईप मला ऐकू येत नव्हता. समोरच्या कर्ण्यांचा धडधडाट पोटात शिरत होता. फौजेत आजूबाजूच्या बुटांचा आवाज तरी असायचा. इथं मी प्रदीपच्या हाताकडं बघून चाललो होतो.

मग 'भोंगा' सुरू झाला. लोकांनी पहिल्या ओळीलाच एकसाथ ओरडून साथ दिली, आणि त्या ओरड्यात माझा धागा सुटला. कुठल्या ओळीवर आहोत? पहिल्या की तिसऱ्या? बोटं थबकली, मग चँटरवरून निसटलीच. पण या वाद्याचा एक स्वभाव आहे. पिशवीत हवा आहे तोवर ते गप्प बसत नाही. ड्रोन चालूच राहिले, चँटर एकच सूर धरून किंचाळू लागला, आणि मी वेड्यासारखा फुंकत राहिलो. वैशाली मान वळवून माझ्याकडं बघत होती. अश्विन गाताना अडखळला.

आणि नामदेव खुर्चीतून उठला.

वहिनींनी त्याचा सदरा धरलेला मला दिसला, आणि सुटलेलाही. तो हळूहळू मंचाच्या पायऱ्या चढला. अश्विनचा हात गिटारवर थांबला. त्याचा आवाजही थांबला. एकटा प्रदीप ड्रम वाजवत होता, बहुधा थांबायचं कसं हे त्यालाही सुचत नव्हतं. नामदेव सरळ माझ्याकडं आला. मला वाटलं, आता हा फुंकायची नळी मागणार. मी ती दातांत घट्ट आवळली.

त्यानं नळीकडं पाहिलंही नाही. माझ्या उजव्या खांद्याला खांदा लावून उभा राहिला, चँटर स्वतःकडं वळवून घेतला, आणि त्यावर बोटं ठेवली.

तेव्हा मला आठवलं. पलटणीत असताना सुट्टीच्या दुपारी बराकीत आम्ही थट्टेनं असं करायचो. एकानं फुंकायचं, दुसऱ्यानं वाजवायचं. बँड शिकवणाऱ्या उस्तादानं पाहिलं तेव्हा दोघांना मैदानाला फेऱ्या मारायला लावल्या होत्या.

भोंग्याची ओळ त्याच्या बोटांतून सुटली तेव्हा माझ्या काखेतली पिशवी थरथरल्यासारखी वाटली. हवा माझी होती, पण तिचं काय होतंय ते माझ्या हातात नव्हतं. मी फक्त दाब सांभाळत होतो, फुंकत होतो, पुन्हा फुंकत होतो. वैशालीनं व्हायोलिनचा गज उचलला आणि त्याच्या मागोमाग गेली. अश्विन तसाच उभा होता. त्याचे डोळे बापाच्या तोंडावर खिळलेले. नळी तिथं नाही, हे तो पुन्हा पुन्हा तपासत असावा. मग त्यानं माईक धरला आणि पुढची ओळ ओरडला, इतक्या मोठ्यानं की त्याचा आवाज फाटला. लोकांना वाटलं हे सगळं आधीच बसवलेलं आहे. फोन वर झाले, शिट्ट्या झाल्या.

गाणं संपलं तेव्हा माझ्या डोळ्यांपुढं काजवे चमकत होते आणि नामदेव साध्या माणसासारखा श्वास घेत उभा होता. त्याला खोकला आला नाही. मला आला.

खाली उतरल्यावर वहिनींनी आधी नवऱ्याला धारेवर धरलं, मग मला. "वय काय तुमचं? शब्द दिला होता ना?"

"फुंकणार नाही, असा दिला होता," नामदेव म्हणाला.

"खुर्चीत बसेन, असंही म्हणाला होतात."

अश्विन पाण्याची बाटली घेऊन आला. बापाला दिली. बाप पीत असताना त्यानं त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि तो तिथंच राहू दिला.

रविवारी सकाळी मला परत निघायचं होतं. चहा घेत होतो तेवढ्यात गच्चीवरून रेडकू हंबरल्यासारखा आवाज आला. वर गेलो तर अश्विन माझा पाईप काखेत धरून उभा, गाल फुगलेले, तोंड लालबुंद. शेजारी नामदेव एका कट्ट्यावर बसून पोट धरून हसत होता, मधेच श्वासासाठी थांबत होता, पुन्हा हसत होता.

"काका, फुंकायला शिकवा," अश्विन म्हणाला. "कार्यक्रमाला दर वेळी तुम्ही दहिवडीहून कुठं येणार?"

मी त्याला कोपर कसं धरायचं ते दाखवलं. पिशवी भरली की फुंकणं थांबवून कोपरानं दाबायचं, सूर तुटता कामा नये. दोन-तीनदा जमलं, मग पुन्हा रेडकू. अचानक माझ्या डोक्यात आलं.

"अरे, पण तू फुंकलंस तर गाणार कोण?"

नामदेवचं हसणं थांबलं.

"तेच कळत नाहीये," अश्विन म्हणाला, आणि पुन्हा नळी तोंडात घातली.

स्टँडपर्यंत त्यानंच मोटारसायकलवर सोडलं. सिग्नलला थांबलो असताना मान न वळवता म्हणाला, "काल पप्पा उठले तेव्हा मला वाटलं, संपलं."

"मलाही."

"मग तुम्ही फुंकायचं थांबवलं का नाहीत?"

काहीतरी मोठं सांगावंसं वाटत होतं, पण खरं ते एवढंच होतं. "काय चाललंय ते मला कळत नव्हतं, म्हणून थांबलो नाही. कळलं असतं तर थांबलो असतो."

सिग्नल सुटला. तो काय म्हणाला ते वाऱ्यात ऐकू आलं नाही.

एस.टी.त खिडकीशी बसून मी या प्रवासाचा हिशोब लावायचा प्रयत्न केला, आणि लागला नाही. पिंपरी कुठं संपते ते मला अजून सांगता येत नाही. आयर्लंडच्या नाचाच्या सुरावर चाकणच्या शिफ्टचं गाणं का बसतं, तेही नाही. बँड टिकेल का, अश्विन शिकेल का, की शेवटी तो लॅपटॉपच उघडावा लागेल? नामदेव अजून किती काळ बोटं चालवेल? यातलं काहीच ठाऊक नाही. दिवेघाटात गाडी चढावर कण्हत होती आणि माझे गाल, दोन दिवस दाब धरून, अजून ठणकत होते. त्या ठणक्यानं मला बरं वाटत होतं, एवढं मात्र नक्की.

घरी पोचलो तेव्हा दिवस मावळायला आला होता. बायकोनं पेटी हातातून घेतली आणि विचारलं, "काय मग, वाजवलंत का तिथं?"

"वाजवलं नामदेवनं," मी म्हणालो. "मी श्वास घेत होतो."